यतीमांची कफालत आणि फॉस्टर केअर : दुसऱ्याच्या घरात वाढणाऱ्या मुलाचे पुढे काय होते?

घरातला कर्ता पुरुष गेला, आई मोठ्या आजारात सापडली, किंवा तलाकनंतर दोघांनीही नवा संसार मांडला, की नातेवाइकांच्या बैठकीत एक प्रश्न येतोच. मुलांना आता कुठे ठेवायचे? कोणी म्हणते नानीकडे पाठवा, कोणी म्हणते थोरल्याला चाचांनी घ्यावे आणि धाकट्याला फुफीने, कोणी यतीमखान्याचे नाव काढते. हिफ्जच्या मदरशात घातले की राहण्याखाण्याची सोय आपोआप होईल, असाही सल्ला मिळतो. बहुतेक वेळा चाळिसाव्याच्या आत निर्णय होऊन जातो आणि तो घरातली जागा, खर्च आणि मोठ्यांची सोय बघून होतो.

या निर्णयाचा मुलाच्या मनावर, शिक्षणावर आणि पुढच्या आयुष्यावर काय परिणाम होतो, हे फारसे कोणी विचारत नाही. जगात मात्र या प्रश्नावर गेली कित्येक वर्षे गंभीर अभ्यास झाला आहे आणि त्याची उत्तरे बरीच स्पष्ट आहेत. हे अभ्यास काय सांगतात, आपला दीन काय सांगतो आणि महाराष्ट्रात सरकारची कोणती मदत मिळते, हे आम्ही या लेखात एकत्र मांडले आहे. आमचा रोजचा संबंध वर्गातल्या मुलांशी येतो, म्हणून शाळेबद्दलही थोडे लिहिले आहे.

फॉस्टर केअर म्हणजे काय?

मुलाला काही काळासाठी दुसऱ्या कुटुंबात सांभाळायला देणे म्हणजे फॉस्टर केअर. मराठीत याला प्रतिपालकत्व म्हणतात. दत्तक आणि यात मोठा फरक आहे. दत्तकात मूल कायद्याने नव्या आईवडिलांचे होते, त्याचे नाव आणि वारसा बदलतो. फॉस्टर केअरमध्ये मुलाचे नाव, नसब आणि जन्मदात्यांशी असलेले नाते कायम राहते. सांभाळणारे कुटुंब त्याचे खाणेपिणे, तब्येत, शिक्षण आणि संस्कार यांची जबाबदारी घेते. आईवडिलांची परिस्थिती सुधारली तर मूल परत त्यांच्याकडे जाऊ शकते.

ज्यांना इस्लाममधली कफालत ठाऊक आहे, त्यांना ही कल्पना नवी वाटणार नाही. संयुक्त राष्ट्रांच्या १९८९ च्या बालहक्क करारातील २० व्या कलमात घर गमावलेल्या मुलांसाठी जे पर्याय दिले आहेत, त्यांत फॉस्टर केअर आणि दत्तक यांच्यासोबत इस्लामी कायद्यातील कफालतचा नावाने उल्लेख आहे. भारताने हा करार १९९२ मध्ये मान्य केला.

रोमानियातून मिळालेला धडा

मूल संस्थेत वाढणे चांगले की घरात, याचा पुरावा मिळवणे सोपे नसते. संस्थेत जाणारी मुले आणि घरात राहणारी मुले मुळातच वेगळ्या परिस्थितीतून आलेली असतात. मग फरक संस्थेमुळे पडला की आधीच्या हलाखीमुळे, हे कसे ठरवायचे? युरोपातील रोमानिया या देशात झालेल्या एका अभ्यासाने ही अडचण दूर केली, म्हणून जगभर त्याचा दाखला दिला जातो.

रोमानियाचा हुकूमशहा चाउशेस्कू याने लोकसंख्या वाढवण्यासाठी १९६६ मध्ये गर्भपातावर बंदी आणली. गरीब घरांना मुले पोसवेनात, ती सरकारी अनाथालयांत जमा होऊ लागली. १९८९ मध्ये त्याची राजवट कोसळली तेव्हा तिथल्या संस्थांत एक लाखाहून अधिक मुले होती. खायला मिळत होते, अंगावर कपडे होते, डोक्यावर छप्पर होते. पण डझनभर बाळांमागे एखादीच बाई, तीही पाळी संपली की बदलणारी. मूल रडले तर उचलून घ्यायला कोणी ठराविक माणूस नव्हता.

२००० मध्ये चार्ल्स नेल्सन, नेथन फॉक्स आणि चार्ल्स झीना या अमेरिकन शास्त्रज्ञांनी राजधानी बुखारेस्टमध्ये काम सुरू केले. सहा संस्थांमधील सहा ते एकतीस महिने वयाची १३६ मुले त्यांनी निवडली. चिठ्ठ्या टाकाव्यात तशा पद्धतीने ६८ मुले फॉस्टर कुटुंबांत दिली गेली आणि ६८ मुलांची आधीचीच व्यवस्था चालू राहिली. दोन्ही गटांतली मुले एकाच परिस्थितीतून आलेली असल्यामुळे पुढे दिसणारा फरक घराचाच म्हणता येत होता.

मुले साडेचार वर्षांची झाली तेव्हा त्यांचा बुद्ध्यांक मोजला गेला. संस्थेच्या वाट्याला आलेल्या मुलांची सरासरी ७३ होती, फॉस्टर कुटुंबात गेलेल्यांची ८१ आणि त्याच शहरात आपल्या आईवडिलांजवळ वाढलेल्या मुलांची १०९. म्हणजे घर मिळाल्याने मुले सावरली, पण सुरुवातीचे नुकसान पूर्ण भरून निघाले नाही. घरात गेलेल्या मुलांमध्ये चिंता आणि उदासी कमी आढळली, त्यांना माणसाचा लळा लागू लागला. एके ठिकाणी लक्ष न टिकणे आणि अति चंचलपणा यांत मात्र फारसा फरक पडला नाही.

या निष्कर्षांची दखल खुद्द रोमानियाच्या सरकारला घ्यावी लागली. दोन वर्षांखालील मुलाला संस्थेत ठेवण्यास मनाई करणारा कायदा तिथे २००४ मध्ये झाला.

हा एका देशाचा अपवाद नव्हता. संस्थांत वाढणाऱ्या मुलांविषयी १९ देशांत झालेले ७५ अभ्यास २००८ मध्ये एकत्र तपासले गेले. घरात वाढणाऱ्या मुलांच्या तुलनेत त्यांचा बुद्ध्यांक सरासरी २० गुणांनी कमी निघाला.

किती लवकर आणि किती स्थिर

बुखारेस्टच्या अभ्यासातून आणखी दोन गोष्टी पुढे आल्या. पालकांनी त्या नीट समजून घ्याव्यात.

पहिली गोष्ट वयाची. साधारण दोन वर्षांच्या आत कुटुंबात गेलेली मुले जास्त सावरली. आठव्या वर्षी त्यांच्या मेंदूतील विद्युतलहरी तपासल्या, तेव्हा त्या कधीच संस्थेत न राहिलेल्या मुलांसारख्या दिसल्या. उशिरा गेलेल्यांच्या तशा दिसल्या नाहीत. रोमानियातून ब्रिटनमध्ये दत्तक गेलेल्या १६५ मुलांचा मायकेल रटर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी वेगळा अभ्यास केला. त्यातही सहा महिन्यांच्या आत घर मिळालेली मुले जवळपास इतरांसारखी वाढली. त्यानंतर आलेल्यांपैकी अनेकांच्या अडचणी मोठेपणापर्यंत टिकल्या.

दुसरी गोष्ट स्थैर्याची. जी मुले पहिल्याच फॉस्टर कुटुंबात टिकून राहिली, ती किशोरवयात जास्त चांगल्या स्थितीत होती. ज्यांची घरे बदलत गेली त्यांचा फायदा कमी होत गेला. कारण सरळ आहे. मूल एखाद्या माणसावर विश्वास टाकायला शिकते, त्याची चाहूल ओळखायला लागते, आणि तेवढ्यात ते घर सुटते. असे दोनतीनदा झाले की ते मूल विश्वास टाकणेच थांबवते. मग आपण म्हणतो, हा पोरगा कोणाचा ऐकतच नाही.

आपल्याकडे हे दुखणे वेगळ्या रूपात दिसते. सहा महिने नानीकडे, मग चाचांकडे, सुट्टीत फुफीकडे, मग कोणाच्या घरात लग्न निघाले म्हणून परत दुसरीकडे. प्रत्येकाने आपला वाटा उचलला, असे मोठ्यांना वाटते. मुलाला मात्र आपण सगळ्यांनाच जड झालो आहोत, असे वाटत राहते.

नात्यातले घर

अनोळखी फॉस्टर कुटुंब बरे की नात्यातले? यावर २०१४ मध्ये १०२ अभ्यासांचा एकत्रित आढावा प्रसिद्ध झाला. नात्यात वाढणाऱ्या मुलांचे वागणे, मानसिक आरोग्य आणि घरातले स्थैर्य हे अनोळखी कुटुंबात राहणाऱ्यांपेक्षा चांगले आढळले. शिक्षणात विशेष फरक दिसला नाही.

आपल्या समाजाची परंपरा या निष्कर्षाच्या जवळची आहे. पण एक धोकाही आहे. नातेवाइकांच्या घरी मूल ठेवले की ते "आपल्याच घरात" आहे असे समजून कोणी चौकशी करत नाही. सांभाळणारी नानी साठी उलटलेली असते, तिला पैशाची, औषधाची, कागदपत्रांची मदत कोणी करत नाही. शाळेत प्रवेशाच्या वेळी जन्मदाखला नाही, आधार कार्डावर जुना पत्ता, बँकेत खाते नाही, अशा अडचणी येतात. नातेवाइकांचे प्रेम असते, पण त्या प्रेमाला आधार लागतो.

घर म्हटले की सगळे चांगलेच होते का?

नाही, आणि हे मोकळेपणाने सांगितले पाहिजे. अमेरिकेत अर्थतज्ज्ञ जोसेफ डॉयल यांनी इलिनॉय राज्यातील मुलांचा अभ्यास २००७ मध्ये प्रसिद्ध केला. ज्या मुलांना घरातून हलवावे की नाही याबद्दल अधिकाऱ्यांमध्येच दुमत होऊ शकेल, अशी मुले त्यांनी पाहिली. त्यांपैकी फॉस्टर केअरमध्ये गेलेल्यांमध्ये पुढे गुन्ह्यात सापडण्याचे प्रमाण आपल्या घरी राहिलेल्यांपेक्षा जास्त होते. म्हणजे घर सावरता येण्यासारखे असताना मूल उचलून नेले, तर नुकसान होऊ शकते.

त्यानंतर २०२२ मध्ये मिशिगन राज्याचा अभ्यास आला आणि तिथे चित्र उलटे होते. फॉस्टर केअरमध्ये गेलेल्या मुलांवरचे अत्याचार कमी झाले, शाळेतली हजेरी आणि गणिताचे गुण सुधारले. तिथली बहुतेक मुले काही काळाने आईवडिलांकडे परतली होती आणि दरम्यानच्या काळात आईवडिलांनाही मदत मिळाली होती.

तिसरा अभ्यास भारताशी जोडलेला आहे. अमेरिकेतील ड्यूक विद्यापीठाच्या संशोधकांनी भारत, कंबोडिया, इथिओपिया, केनिया आणि टांझानिया या पाच देशांत सहा ते बारा वर्षांची यतीम आणि टाकून दिलेली मुले पाहिली. संस्थेत राहणाऱ्या मुलांची तब्येत आणि बौद्धिक वाढ गरीब नातेवाइकांकडे राहणाऱ्या मुलांपेक्षा वाईट नव्हती.

हे तिन्ही अभ्यास रोमानियाच्या विरोधात जातात असे समजू नये. बुखारेस्टची मुले तान्ही होती, ड्यूकच्या अभ्यासातली शाळकरी. सगळे एकत्र वाचले तर एकच गोष्ट दिसते. दारावर "घर" लिहिले आहे की "यतीमखाना", एवढ्याने निकाल लागत नाही. त्या मुलाला आपले मानणारा एक माणूस रोज, तोच तो, वर्षानुवर्षे हजर आहे का, आणि त्या माणसाच्या हाती पुरेशी साधने आहेत का, यावर सगळे अवलंबून असते. तान्ह्या मुलांना असा माणूस संस्थेत मिळणे फार कठीण, म्हणून त्यांच्यासाठी कुटुंबच हवे. मोठ्या मुलांसाठी चांगली चाललेली संस्था हा वाईट घरापेक्षा बरा पर्याय असू शकतो.

अठरा वर्षे पूर्ण झाल्यावर

अमेरिकेतील इलिनॉय, आयोवा आणि विस्कॉन्सिन या राज्यांत फॉस्टर केअरमधून बाहेर पडणाऱ्या ७३२ तरुणांचा सतराव्या वर्षापासून सव्विसाव्या वर्षापर्यंत पाठपुरावा केला गेला. सव्विसाव्या वर्षी त्यांच्यातल्या निम्म्यांहून कमी जणांकडे काम होते. महाविद्यालयाची पदवी किंवा पदविका शंभरात दहांकडेही नव्हती. बेघर होणे, तुरुंगवास, फार लवकर आई होणे यांचे प्रमाण त्यांच्या वयाच्या इतर तरुणांपेक्षा बरेच जास्त होते.

याच अभ्यासात एक आशेची बाब होती. इलिनॉयमध्ये एकविसाव्या वर्षापर्यंत आधार मिळत होता. तिथली मुले कॉलेजात जाण्याचे प्रमाण इतर दोन राज्यांपेक्षा जास्त होते. आपली सख्खी मुले बावीस-तेवीस वर्षांपर्यंत आपल्या पैशांवर शिकतात आणि त्यात आपल्याला वावगे वाटत नाही. मग ज्याचे कोणी नाही त्याने अठराव्या वाढदिवशी स्वतःच्या पायावर उभे राहावे, ही अपेक्षा कशी धरायची?

आपल्या वस्त्यांमध्ये तर ही अठराची मर्यादाही पाळली जात नाही. दहावी झाली की यतीम मुलाला गॅरेजवर किंवा दुकानात लावून दिले जाते आणि मुलीसाठी स्थळे बघायला सुरुवात होते. मुलगी अठराची व्हायच्या आत निकाह लावणे कायद्याने गुन्हा आहे. आणि गुण चांगले असलेला मुलगा केवळ फी भरायला कोणी नाही म्हणून शिक्षण सोडतो, ही सगळ्या समाजाची हानी आहे.

दीन काय सांगतो

हजरत मुहम्मद (स.) स्वतः यतीम होते. जन्मापूर्वीच वडिलांचे छत्र हरपले. बालपणीची पहिली वर्षे दाई हलीमा सादिया यांच्या घरी गेली. सहाव्या वर्षी आई आमिना गेल्या, आठव्या वर्षी आजोबा अब्दुल मुत्तलिब गेले आणि मग चाचा अबू तालिब यांनी त्यांना आपल्या घरी वाढवले. पुढे अबू तालिब यांची परिस्थिती ओढग्रस्त झाली, तेव्हा त्यांचे पुत्र हजरत अली (रजि.) यांना आपल्या (स.) घरी आधार मिळाला. एका घराने केलेली कफालत दुसऱ्या घराने अशी फेडली.

यतीमाची जबाबदारी घेणारा जन्नतमध्ये आपल्या (स.) निकट असेल, या अर्थाची हदीस आपण सगळ्यांनी ऐकली आहे. कुरआनात सूरह निसाच्या सुरुवातीलाच यतीमांच्या मालाबद्दल सक्त ताकीद आहे. त्यांचा माल आपल्या मालात मिसळून खाऊ नये, ते जाणते झाले की साक्षीदार ठेवून परत करावा. सूरह अहजाबमध्ये सांभाळलेल्या मुलांना त्यांच्या खऱ्या बापाच्या नावाने हाक मारण्याचा हुकूम आहे. हजरत जैद (रजि.) यांना त्यानंतर पुन्हा जैद बिन हारिसा म्हटले जाऊ लागले.

या आदेशाकडे काही लोक केवळ मनाई म्हणून बघतात. आम्हाला त्यात मुलाचा हक दिसतो. आपण कोण, कुठून आलो, हे मुलापासून लपवू नये, ही गोष्ट आजचे मानसतज्ज्ञही सांगतात. चौदा-पंधराव्या वर्षी शेजाऱ्याच्या तोंडून कळण्यापेक्षा लहानपणापासून घरच्यांकडून कळलेले बरे.

मेहरमचा प्रश्न बऱ्याच घरांना अडवतो. नानी, दादी, खाला, फुफी, मामू, चाचा ही नाती मुळातच मेहरम आहेत. चाची किंवा मामी मात्र पुतण्याला-भाच्याला मेहरम नाही, हे मुलगा मोठा झाल्यावर अनेकांच्या ध्यानात येते. तान्ह्या मुलाला ठरलेल्या वयाच्या आत दूध पाजले तर रजाअतचे नाते लागते. मुलाला घरी आणण्यापूर्वीच आपल्या आलिमांशी बोलून घ्यावे. वाट निघते. पण पडद्याचे कारण पुढे करून सातव्या-आठव्या वर्षी मुलाला घराबाहेर काढणे, ही वाट नव्हे.

यतीम नातवाचा हिस्सा

एका विषयावर आपल्याकडे फार कमी बोलले जाते. बाप आजोबांच्या आधी वारला आणि आजोबांचा दुसरा मुलगा हयात असेल, तर सुन्नी वारसा कायद्यानुसार यतीम नातवाला आजोबांच्या मिळकतीत हिस्सा मिळत नाही. मूल त्याच घरात वाढते आणि आजोबांच्या पश्चात एके दिवशी त्याला कळते की या घरात आपले काहीच नाही. बरेच तंटे इथूनच सुरू होतात.

यावर शरीअतनेच मार्ग ठेवला आहे. वारस नसलेल्या व्यक्तीसाठी एक तृतीयांश मिळकतीपर्यंत वसीयत करता येते. हयातीत हिबा करून ताबाही देता येतो. आजोबांनी हे काम तब्येत ठीक असताना, लेखी आणि साक्षीदारांसमोर करावे. फॉस्टर म्हणून सांभाळलेल्या मुलासाठीही हीच सोय आहे. भाचा किंवा पुतण्या गरीब असेल तर त्याला जकातही देता येते, सख्ख्या नातवाला देता येत नाही.

कायदा आणि सरकारी मदत

बाल न्याय अधिनियम २०१५ च्या कलम ४४ मध्ये फॉस्टर केअरची तरतूद आहे. जिल्ह्याची बाल कल्याण समिती मुलाला योग्य कुटुंबात ठेवते. भावंडांना शक्यतो एकत्र ठेवावे, आईवडील हयात असतील तर त्यांना भेटू द्यावे आणि समितीने दर महिन्याला पाहणी करावी, असे या कलमात आहे. २०२४ च्या केंद्रीय मार्गदर्शक सूचनांनुसार अविवाहित, विधवा किंवा घटस्फोटित व्यक्तीलाही अर्ज करता येतो. दोन वर्षे मूल सांभाळल्यानंतर, ते दत्तक देण्यास पात्र असेल तर, दत्तक मागता येते. पूर्वी ही अट पाच वर्षांची होती.

मुस्लिमांना दत्तक घेता येते का, हा प्रश्न नेहमी विचारला जातो. सर्वोच्च न्यायालयाने १९ फेब्रुवारी २०१४ रोजी शबनम हाश्मी प्रकरणात निर्णय दिला की बाल न्याय कायद्याखाली कोणत्याही धर्माच्या व्यक्तीला दत्तक घेता येते. हा कायदा कोणावर सक्ती करत नाही. ज्याला आपल्या वैयक्तिक कायद्याप्रमाणे चालायचे आहे, तो तसे चालू शकतो. अशा कुटुंबांसाठी फॉस्टर केअर किंवा १८९० च्या पालक व पाल्य अधिनियमाखाली न्यायालयाकडून पालकत्व घेणे, हे मार्ग उघडे आहेत.

पैशाची मदत पुढीलप्रमाणे मिळते.

• केंद्राच्या मिशन वात्सल्य योजनेत प्रायोजकत्व, फॉस्टर केअर आणि अठराव्या वर्षानंतरची अनुरक्षण सेवा यांसाठी प्रत्येक मुलामागे दरमहा ४,००० रुपये आहेत. प्रायोजकत्व म्हणजे मूल विधवा आईजवळ किंवा नातेवाइकांजवळ राहावे म्हणून दिलेली मदत. त्यासाठी वार्षिक उत्पन्नाची मर्यादा ग्रामीण भागात ७२ हजार आणि इतरत्र ९६ हजार रुपये आहे.

• राज्याच्या क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले बालसंगोपन योजनेत २०२३ पासून दरमहा २,२५० रुपये मिळतात. एक किंवा दोन्ही पालक गमावलेली, आईवडील विभक्त झालेली, गंभीर आजारी किंवा तुरुंगात असलेली मुले यात बसू शकतात.

• आईवडील दोघेही नसलेल्या मुलांसाठी राज्यात शिक्षण आणि नोकरीत १ टक्का समांतर आरक्षण २०१८ पासून आहे. त्यासाठी महिला व बालविकास विभागाकडून अनाथ प्रमाणपत्र काढावे लागते.

• अनुरक्षण सेवा साधारणपणे २१ वर्षांपर्यंत आणि विशेष परिस्थितीत २३ वर्षांपर्यंत मिळू शकते.

अर्ज जिल्हा महिला व बालविकास अधिकारी किंवा जिल्हा बाल संरक्षण कक्षात करावा. मृत्यूचा दाखला, मुलाचे आणि पालकाचे आधार कार्ड, रेशन कार्ड, उत्पन्नाचा दाखला, शाळेचे बोनाफाईड, बँक पासबुक आणि फोटो तयार ठेवावेत. कोणत्या योजनेत आपले मूल बसते, हे कक्षातच विचारून घ्यावे. संकटातल्या मुलासाठी १०९८ हा क्रमांक चोवीस तास चालू असतो.

एक सावधगिरी. दवाखान्यातून किंवा ओळखीच्या बाईकडून परस्पर मूल आणून आपले म्हणून वाढवू नये. प्रक्रिया टाळून केलेल्या दत्तकाला तीन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊ शकतात. सापडलेल्या मुलाची खबर २४ तासांच्या आत दिली पाहिजे. हेतू नेक असला तरी कायदा कागदच बघतो आणि शेवटी भोगावे लागते मुलालाच.

घरात आणि शाळेत काय सांभाळावे

• मूल कोणाकडे राहणार हे एकदाच, नीट विचार करून ठरवा. इतर नातेवाइकांनी पैसा, वेळ आणि भेटी द्याव्यात, मूल फिरवू नये.

• भावंडांची ताटातूट शक्यतो करू नका.

• आई हयात असेल आणि केवळ गरिबीमुळे मूल दूर जात असेल, तर आधी तिला मदत करा. ही सर्वात स्वस्त आणि सर्वात चांगली कफालत आहे.

• ईदचे कपडे, ट्यूशन, मोबाइल, दस्तरख्वानवरची जागा यांत आपली मुले आणि ते मूल असा फरक करू नका. मुले मोठ्यांपेक्षा बारीक हिशेब ठेवतात.

• "आम्ही तुला सांभाळले" हे वाक्य रागातही काढू नका.

• मुलाच्या नावाचे पैसे वेगळ्या खात्यात ठेवा आणि वही लिहा. ती अमानत आहे.

• मृत आईवडिलांचे फोटो, वस्तू, आठवणी जपून ठेवा. त्यांच्याबद्दल मुलासमोर चांगले बोला.

• शाळेत वर्गशिक्षकांना परिस्थिती एकांतात सांगा. पालकसभेला कोणीतरी एकच जण नियमित जावा.

वर्गात अशी मुले ओळखू येतात. काही जण गरजेपेक्षा जास्त आज्ञाधारक असतात, कारण आपण त्रास दिला तर हेही घर जाईल अशी भीती त्यांना असते. काही खिचडी डब्यात लपवून घरी नेतात. काही कारण नसताना भांडतात. आम्हा शिक्षकांनी त्यांच्यावर "बिघडलेला" असा शिक्का मारण्यापूर्वी घरी काय चालले आहे, हे विचारले पाहिजे. "माझी आई" किंवा "माझे बाबा" हा निबंध द्यायचाच असेल तर "माझी आवडती व्यक्ती" असा पर्यायही द्यावा. "अनाथ" किंवा "यतीम" हा शब्द हजेरी घेताना किंवा शिष्यवृत्तीचे अर्ज वाटताना वर्गासमोर उच्चारू नये. मूल महिनोन्महिने गप्प राहत असेल, अंथरूण ओले करत असेल किंवा स्वतःला इजा करत असेल, तर ताबीजवर थांबू नये. जिल्हा रुग्णालयात किंवा जवळच्या मानसोपचार तज्ज्ञांकडे न्यावे.

प्रत्येक मोहल्ल्यातील मशीद कमिटीने आपल्या हद्दीत दुसऱ्याच्या घरी राहणाऱ्या मुलांची एक यादी केली, तर बरेच काम सोपे होईल. कोणाचा बालसंगोपनाचा अर्ज राहिला आहे, कोणाची दहावीची फी भरायची आहे, कोणत्या नानीला औषधाची गरज आहे, हे त्या यादीतून कळेल. यादी मुलांची इज्जत राखून, जबाबदार व्यक्तीकडेच ठेवावी. शाळा सुरू होण्यापूर्वी जूनच्या आधी हे काम झाले, तर प्रवेश आणि शिष्यवृत्तीच्या मुदती हुकणार नाहीत.